अनोळखी माणसाचं पत्र वाचून दाखवलं. पत्ता लक्षात आहे. जावं का?

पाणीकम

मंडळी, सल्ला हवाय. जरा लांबण लागेल, सांभाळून घ्या.

इराण्याकडे टेबल आपलं नसतं, हे मुंबईकरांना सांगायला नको. चार खुर्च्यांच्या टेबलावर एकटे बसलात की वेटर कुणालाही आणून समोर बसवतो. 'चालेल का' वगैरे भानगड नाही. समोरच्याने आपल्या ताटात बघायचं नाही, आपण त्याच्या. मला ही व्यवस्था फार आवडते.

तर गेल्या आठवड्यात दुपारी गिरगावच्या आसपासच्या अशाच एका हॉटेलात (नाव मुद्दाम देत नाही) सत्तरी ओलांडलेले एक गृहस्थ माझ्यासमोर येऊन बसले. उजेड सहन होत नव्हता बहुतेक, दाराकडे पाठ करून बसले. चहा-खारी मागवली. मग खिशातून एक बंद पाकीट काढलं, उलटंपालटं केलं, आणि मला म्हणाले, "मराठी वाचता येतं ना तुम्हाला?"

"हो."

"मग एवढं वाचून दाखवा. डोळे तपासायला थेंब टाकलेत, तीन-चार तास अक्षर लागायचं नाही म्हणाले."

पाकीट मीच फोडलं. वहीची दोन पानं, गावाकडच्या थोरल्या भावाचं पत्र. मजकूर सगळा सांगत नाही. दोघांत घरावरून बरीच वर्षं बोलणं नसावं. सार असं की पडवीकडची बाजू आणि मागची आंब्याची कलमं तुझी, माझं त्यावर काही म्हणणं नाही, हे लिहून दिलंय असंच समज. आणि शेवटी दोन ओळी: 'गणपतीचा पाट शाळेत देऊन आलो. यंदा नाव तुझं सांगितलं आहे.'

त्यांनी तेवढ्या दोन ओळी पुन्हा वाचायला लावल्या. मग पत्राची घडी घालून खिशात ठेवली, गल्ल्यावर दोघांच्या चहाचे पैसे दिले आणि गेले. ना त्यांनी माझं नाव विचारलं, ना मी त्यांचं. पण पाकिटावर नावपत्ता होताच, आणि असलं काही मी विसरत नाही. माझ्या ऑफिसपासून चालत जाण्यासारखी चाळ आहे.

जाऊन भेटावंसं वाटतंय. काम काही नाही. गावाला जाणार का, एवढंच विचारायचंय. बायको म्हणते, लोकांच्या घरात नाक खुपसू नकोस. तुम्ही काय केलं असतं?

तिरपागडा

पाकीट तपासलंत का? तुमचं म्हणतोय. त्यांचं तर तुम्हीच फोडलंत.

पेठेतला

पुण्यात हा प्रसंग घडणं शक्य नाही. वाचणाऱ्याने आधी ऱ्हस्व-दीर्घ सुधारून दिलं असतं आणि मग 'वाचायचे पैसे नाहीत, पण वेळ १ ते ४ सोडून' असं सांगितलं असतं.

बाकावरचा

वहिनींशी सहमत. जाऊ नका.

नीट बघा. थेंबांचा असर संध्याकाळपर्यंत उतरतो. थोडं थांबले असते तर त्यांना स्वतःला वाचता आलं असतं. घरी कुणी नसेल असंही नाही, चाळीत राहतात, शेजारी तरी असेलच. तरीही बंद पाकीट खिशात घेऊन ते दवाखान्यात गेले आणि एका परक्या माणसाकडून वाचून घेतलं. याचा अर्थ त्यांना ते घरच्या कुणाच्या तोंडून ऐकायचं नव्हतं. तुम्ही कुणीच नव्हतात म्हणून तुम्हाला सांगितलं. दारात जाऊन उभे राहिलात तर तुम्ही 'कुणीतरी' होणार आणि सून विचारणार, हे कोण?

गावठी_कोंबडा

+१. पण 'कुणीच नव्हतात' हे जरा लागलं असेल बिचाऱ्यांना.

डोंबिवलीकरीण

मला हा धागा वाचून माझी मेथीवाली आठवली.

बरीच वर्षं झाली. त्या दिवशी ऑफिसात समोर बसवून माझा राजीनामा लिहून घेतला होता. सीएसएमटीहून संध्याकाळची फास्ट, लेडीज डबा, नशिबाने खिडकी मिळालेली. भायखळा येईपर्यंत धीर धरला, मग डोळे वाहायला लागले. रुमाल तोंडात धरून बसले होते, कारण आमच्या डब्यात रडलं की चार जणी 'काय झालं गं' करत जमतात आणि मला ते नको होतं. शेजारच्या बाई माझ्या आईच्या वयाच्या. मांडीवर वर्तमानपत्र पसरून मेथी निवडत होत्या. माझ्याकडे बघितलंही नाही. अर्धी जुडी उचलून माझ्या मांडीवर ठेवली आणि म्हणाल्या, "कोवळ्या काड्या राहू देत."

बस. ठाण्यापर्यंत आम्ही दोघी मेथी निवडत होतो. दिव्याला त्यांनी सगळं गोळा करून पिशवीत भरलं. डोंबिवलीला दोघी उतरलो. त्या पूर्वेला, मी पश्चिमेला. नाव विचारायचं माझ्या डोक्यातही आलं नाही. पुढे नवीन नोकरीमुळे गाडी बदलली, त्या पुन्हा दिसल्या नाहीत.

त्या 'काय झालं' म्हणाल्या असत्या तर मी सगळं सांगितलं असतं आणि घरी पोचल्यावर लाज वाटली असती. म्हणून बाकावरचा म्हणतात ते मला पटतं.

तिरपागडा

मेथीत वाटा मिळाला की नाही?

डोंबिवलीकरीण

काड्या मिळाल्या. ड्रेसला चिकटलेल्या.

मिशिगन_काठ

या विषयावर इथे शिकागोत प्रयोग झालाय. निकोलस एप्ली आणि ज्युलियाना श्रोडर या संशोधकांनी उपनगरी गाडीच्या प्रवाशांचे तीन गट केले. एकाने शेजारच्या अनोळखी माणसाशी बोलायचं, दुसऱ्याने गप्प बसायचं, तिसऱ्याने रोजच्यासारखा प्रवास करायचा. बोलणाऱ्यांचा प्रवास जास्त छान झाला असं त्यांनीच सांगितलं. गंमत म्हणजे आधी अंदाज विचारला तेव्हा लोक बरोबर उलटं म्हणाले होते, की गप्प बसणंच सुखाचं. २०१४ चा शोधनिबंध आहे. तेव्हा पाणीकम, जा आणि भेटा. आपल्याला वाटतं तेवढं समोरच्याला जड जात नाही.

कसारा_फास्ट

साहेब, तुमच्या गाडीत बसायला जागा असते. इथे आसनगावच्या पुढे येईपर्यंत तोंड ज्या दिशेला असतं त्याच दिशेच्या माणसाशी बोलावं लागतं, वळता येत नाही. माझं तीन वर्षं एकाच गृहस्थांच्या पाठीशी नातं आहे. पाठ ओळखीची आहे, चेहरा दाखवला तर ओळखणार नाही.

जुनी_वही

पाठीवरून आठवलं. यावर स्टॅन्ली मिलग्रॅम या अमेरिकन मानसशास्त्रज्ञाने १९७२ मध्ये लिहिलंय. रोज स्टेशनवर दिसणारी, चेहऱ्याने पक्की ओळखीची, पण कधीच न बोललेली माणसं. त्याचं एक निरीक्षण मला फार खरं वाटतं: अशी दोन माणसं नेहमीच्या जागेपासून जितकी लांब भेटतील तितकी एकमेकांशी बोलण्याची शक्यता जास्त.

माझा अनुभव अगदी तोच. आमच्या ८:१४ च्या डब्यात दाराशेजारच्या फळीला टेकून उभे राहणारे एक काका होते. कधी मान हलवण्यापुरतीही ओळख नव्हती. एकदा सहकुटुंब कोल्हापूरला अंबाबाईच्या रांगेत उभे होतो, तर हे पुढून ओरडले, "अहो, ८:१४!" आम्ही मिठीच मारली. बायकोमुलांच्या ओळखी झाल्या, त्यांनी आम्हाला पांढरा रस्सा कुठे खायचा ते सांगितलं. सोमवारी डब्यात भेटलो तर दोघांनीही खिडकीबाहेर बघितलं. आजतागायत बोललेलो नाही.

पेठेतला

हे वाचून मुंबईबद्दलचा आदर वाढला.

अबोली

सगळे छान छान लिहितायत, म्हणून मुद्दाम मोडता घालते. अनोळखी माणसाशी निवांत भेट हे सुख बऱ्यापैकी पुरुषांचं आहे. इराण्याकडे मी एकटी बसले असताना समोर अनोळखी पुरुष येऊन बसला आणि 'जरा वाचून दाखवता का' म्हणाला, तर माझ्या मनात पहिलं येईल ते 'याला काय हवंय'. वय सत्तर असलं तरी. डोंबिवलीकरणीची गोष्ट लेडीज डब्यातच घडू शकली, हे लक्षात घ्या. आणि त्या एप्लीचे निष्कर्ष आमच्या गाड्यांना लावायच्या आधी तिथे दहा वाजता रात्री कोण कुणाशी बोलतं तेही सांगा.

मिशिगन_काठ

अबोली, मुद्दा मान्य. ते प्रयोग सकाळच्या गर्दीतले होते.

डोंबिवलीकरीण

अगं अबोली, खरंय. तरी मी आजोबांना वाचून दाखवलं असतं असं वाटतं. पाकीट मात्र त्यांनाच फोडायला लावलं असतं.

वरची_पुढची_सीट

बाकावरचा यांच्याशी असहमत. नाव विचारल्याने काही बिघडत नाही.

२६ जुलै २००५. सांताक्रूझला ९४४ मिलिमीटर पाऊस पडला ते आकडे नंतर कळले. आम्हाला फक्त कुर्ल्याजवळ बस बंद पडली एवढंच माहीत होतं. बेस्टची डबलडेकर. खालच्या मजल्यावर सीटपर्यंत पाणी आलं तसे सगळे वर. मी आणि माझ्याच वयाचा एक जण, आम्हाला वरची पुढची सीट मिळाली. अंधार, खाली पाण्यातून काय काय वाहत जातंय, आणि फोन कुणाचेच लागत नाहीत. त्याच्याकडे डब्यात दीड पोळी होती, माझ्याकडे सर्दीच्या गोळ्या. कंडक्टरलाही त्यात वाटा दिला (पोळीत). रात्रभर फार बोललो नाही. मध्येच तो म्हणायचा, "पाणी त्या पाटीच्या 'र'पर्यंत आलं," मी म्हणायचो, "अजून 'र'च आहे." पहाटे उतरायला लागलं तेव्हा नावं विचारली, लँडलाइन नंबर घेतले.

तेव्हापासून दर २६ जुलैला फोन. एका वर्षी तो करतो, एका वर्षी मी. 'कसा आहेस, बरा आहे, मुलं काय करतात, ठेवतो.' दीड मिनिट. कधी एकमेकांच्या घरी गेलो नाही, त्याची बायको मी बघितलेली नाही. जुलै सोडून एकच फोन झाला: २०२३ च्या १५ सप्टेंबरला, जुनी लाल डबलडेकर शेवटची धावली त्या दिवशी. तोही दीडच मिनिटाचा. नाव कळलं म्हणून नातं गळ्यात पडतं असं काही नाही. दोघांना अंतर कळत असलं की झालं.

बाकावरचा

तुमचा किस्सा झकास आहे, पण त्यात दोघांनी एकमेकांना नंबर दिले. आजोबांनी पत्ता 'दिला' नाही, तो पाकिटावर छापल्यासारखा समोर आला. फरक आहे.

गावठी_कोंबडा

हा मुद्दा बिनतोड. (मी कुणाच्या बाजूने आहे ते ठरलं नाही, पॉपकॉर्न आणायला जातोय.)

पडवी

आमच्या कोकणातला विषय निघाला म्हणून लिहितो, एरवी मी वाचनमात्र.

पत्राच्या शेवटच्या दोन ओळींकडे कुणी नीट बघितलंच नाही. मूळ घरात गणपती एकच असतो. भाऊ वेगळे झाले की काहींकडे तो पाळीने येतो, आणि ही पाळी म्हणजे नाजूक प्रकरण. मूर्ती बसवायचा पाट कुणाच्या नावाने शाळेत (म्हणजे गणपती घडवतात त्या कारखान्यात) गेला, पूजेला कोण बसणार, दर्शनाला वाडी कुणाच्या दारात येणार, यावरून आमच्याकडे सख्खे भाऊ वर्षानुवर्षं बोलत नाहीत. त्या थोरल्या भावाने 'यंदा नाव तुझं सांगितलं' म्हणजे नुसतं गणपतीला ये असं बोलावलेलं नाही, यजमान तू आहेस असं सांगितलंय. जमिनीच्या ओळी त्यापुढे मामुली. आजोबांनी बरोबर तेवढंच पुन्हा वाचायला लावलं.

आमच्याकडे पाट आषाढात जातो. त्यांच्याकडेही तसंच असेल तर गणपती दोन महिन्यांच्याही आत आलेत. रेल्वेचं आरक्षण आता ६० दिवस आधी उघडतं (२०२४ च्या नोव्हेंबरपासून, आधी १२० होतं) आणि कोकणच्या गाड्या उघडल्याउघडल्या भरतात. पत्र आलं तोवर सगळं संपलेलं असणार. पाणीकम, भेटायला जाणारच असाल तर तिकिटाचं विचारा. गणपती स्पेशल गाड्या बघा, नाहीतर एसटीच्या ग्रुप बुकिंगमध्ये कुठे जागा आहे का बघा. दुसऱ्या काही कारणाने जाऊ नका.

पाणीकम

पडवी, मनापासून आभार. मी मूळचा खानदेशातला, पाटाचं हे मला कुणी सांगितलं नसतं.

सातबारा

भावना बाजूला ठेवून एक कोरडी गोष्ट सांगतो, राग मानू नका.

'लिहून दिलंय असंच समज' यावर तलाठी फेरफार (म्हणजे दप्तरी नावबदल) घालणार नाही. स्थावर मिळकतीतला हिस्सा सोडायचा तर हक्कसोडपत्र करून ते दुय्यम निबंधकाकडे नोंदवावं लागतं. १९०८ चा नोंदणी कायदा, कलम १७. मग फेरफार, मग सातबाऱ्यावरचं नाव. गावठाणातलं घर असेल तर ग्रामपंचायतीचा नमुना ८ चा उतारा काढून कुणाची नावं आहेत ते आधी बघायचं. बागेची जमीन नुसती वाटून घ्यायची असेल तर १९६६ च्या जमीन महसूल संहितेचं कलम ८५ आहे, तहसीलदाराकडे अर्ज. कोकणात एकेका सातबाऱ्यावर वीस-पंचवीस नावं सामाईकात असतात, निम्मी वारलेली. दोन भावांचं पटलं म्हणून भागत नाही.

थोरले भाऊ सत्तरीच्याही पुढचे असणार. ते आहेत तोवर झालं तर एका दिवसाचं काम. त्यानंतर त्यांची मुलं, सुना, जावई. मी हे रोज बघतो. माझ्या मते पाणीकम यांनी हे त्या आजोबांच्या कानावर घालायलाच हवं.

पेठेतला

आंब्याची कलमं, कायद्याची कलमं. कुठली आधी धरतात ते कळवा.

जुनी_वही

सातबारा, भावाभावांत तोंडी वाटणी होते आणि नंतर आठवणीसाठी कागद करतात, त्याला नोंदणी लागत नाही ना?

सातबारा

वाटणी आधी झालेली असेल आणि कागद नुसता आठवणीचा असेल तर नाही लागत. इथे कागदच हक्क सोडतोय असं दिसतं. पत्र माझ्यासमोर नाही, त्यामुळे शपथेवर सांगत नाही.

बाकावरचा

म्हणजे आता एक परका माणूस चाळीत जाऊन सांगणार, 'तुमच्या भावाने मनापासून लिहिलेलं पत्र कायद्यात बसत नाही.' वा! त्यापेक्षा दवाखान्यातून थेंब घालून यायचे आणि काहीच न वाचता बसायचं.

अबोली

बाकावरचा, हसले. पण सातबारा यांचं बरोबर आहे आणि त्यांनीही अर्धंच सांगितलं. बहिणी आहेत का हो या दोघांना? महाराष्ट्रात १९९४ पासून आणि देशभर २००५ पासून मुलींना वडिलोपार्जित मालमत्तेत बरोबरीचा वाटा आहे. थोरला म्हणतो पडवी तुझी, धाकटा म्हणतो बरं. दोघांनी मिळून तिसरीचंही वाटून टाकलं नाही ना?

पडवी

अबोलीताई, यावर बोलायला नको, आमच्या घरातच भांडण लागेल.

पाणीकम

पत्रात बहिणीचा उल्लेख नव्हता. (म्हणजे असू शकते.)

तर आज मी काय केलं ते सांगतो. चाळीत गेलो नाही, बाकावरचा यांचं म्हणणं डोक्यातून जाईना. दुपारी त्याच हॉटेलात गेलो. ज्या वेटरने त्यांना माझ्यासमोर बसवलं होतं, त्याला विचारलं, गेल्या आठवड्यातले ते खारीवाले आजोबा येतात का नेहमी? म्हणाला, येतात मधूनमधून, डोळ्यांच्या डॉक्टरकडे आले की. म्हणून एक चिठ्ठी लिहून त्याच्याकडे दिली. मोठ्या अक्षरात. तिकीट मिळालं नसेल तर गणपती स्पेशल बघा, आणि भाऊ लिहून देणार ते निबंधकाकडे नोंदवून घ्या. खाली माझा नंबर. नाव लिहावं की नाही यावर अर्धा चहा थंड झाला, शेवटी लिहिलं. बायकोला सांगितलं, ती म्हणाली, 'नाक खुपसलंच शेवटी, पण लांबून.'

एवढ्यात वेटर म्हणाला, त्याच्याही गावाला असंच अडकलंय, चुलत्याच्या नावावर. नोंदणीला किती खर्च येतो विचारत होता. सातबारा, काय सांगू?

सातबारा

आधी उतारा काढायला सांगा, नावं कळल्याशिवाय खर्च सांगता येत नाही. चुलते हयात आहेत का?

पाणीकम

नाहीत. चुलती आहे, तीन मुली.

अबोली

आता आलं की नाही!

गावठी_कोंबडा

सातबारा, माझ्या आत्याचंही एक विचारायचं होतं. १९७८ चं वाटणीपत्र आहे, साध्या कागदावर, अंगठे आहेत.

सातबारा

वेगळा धागा काढा. आणि कागदाचा फोटो इथे टाकू नका, नावं असतात त्यावर.